नावापुरती डायरेक्टर

प्रतिभाताई मोघे सव्वीस वर्षं खडूच्या कंपनीत होत्या, आणि त्यातली तेवीस वर्षं त्या कंपनीच्या डायरेक्टर होत्या. हे उज्जैनच्या फ्रीगंजात कुणाला सांगितलं असतं तर लोक हसले असते. डायरेक्टर म्हटलं की केबिन हवं, गाडी हवी, निदान धड खुर्ची तरी हवी! ताईंची खुर्ची नागझिरीच्या कारखान्यात खिडकीपाशी होती, तिचा एक पाय आखूड, त्याखाली खडूच्या खोक्याच्या पुठ्ठ्याची घडी. सकाळी नानाखेड्याहून बसने यायचं, दुपारी डबा खायचा, साडेपाचला परत. नवरा बँकेतला, अकोल्याहून बदली होऊन इथे आलेला, तो चाळिशीतच गेला. पदरात एक मुलगी, निहारिका. अशा बाईने डायरेक्टर असल्याचा तोरा मिरवायचा तरी कुणापुढे?

त्या डायरेक्टर झाल्या ते असं. कंपनीचं नाव पोतनीस चॉक्स प्रायव्हेट लिमिटेड. मालक भय्यासाहेब पोतनीस. त्यांचे पूर्वज शिंद्यांच्या दफ्तरात होते, आणि भय्यासाहेब ही गोष्ट दर चहाला सांगायचे. पिढ्यान् पिढ्या दुसऱ्याचं दफ्तर सांभाळणाऱ्या घराण्यातला हा गृहस्थ, पण स्वतःचा एक कागद जागेवर ठेवेल तर शपथ! प्रायव्हेट लिमिटेडला कायद्याने किमान दोन डायरेक्टर लागतात. एक भय्यासाहेब, दुसऱ्या त्यांच्या पत्नी. नव्याण्णव साली त्या वारल्या आणि एक जागा रिकामी झाली. मुलगा आल्हाद तेव्हा नऊ वर्षांचा. तेराव्याचं जेवण झालं, पानं उचलली गेली, आणि भय्यासाहेबांनी ताईंना बाजूला घेतलं.

“प्रतिभाबाई, तुम्ही घरच्याच. नावापुरती सही करा. आल्हाद मोठा झाला की तुम्ही मोकळ्या.”

ताईंनी केली. नाही कसं म्हणणार? नोकरी त्यांची, घर त्यावर चाललेलं, आणि समोर डोळे पुसणारा माणूस. पुढे आल्हाद मोठा झाला, बी.कॉम. झाला, डायरेक्टरही झाला. पण ताईंना मोकळं करायचं नाव कुणी काढेना. “राहू द्या हो, तुमच्या हाताला यश आहे,” असं भय्यासाहेब म्हणायचे, आणि या बाई त्यावर खूश व्हायच्या. इथेच चुकलं. पण स्तुती फुकट मिळते ना, तिला माणूस फार भुलतो.

हाताला यश होतं हे मात्र खरं. कंपनी काढली की तिचा वर्षाचा कारभार सरकारला कळवावा लागतो. तीस सप्टेंबरच्या आत सभासदांची सभा, त्यानंतर महिन्याभरात ताळेबंदाचा फॉर्म, आणखी महिन्याने वार्षिक विवरण. कंपनीने खडू विकले का माशा मारल्या, फॉर्म गेलाच पाहिजे. आणि नेमका सप्टेंबरात पितृपक्ष येऊन बसतो! भय्यासाहेब पितृपक्षात कशावरही सही करायचे नाहीत. कायदा म्हणतो महिनाअखेर, पंचांग म्हणतं थांबा. ताईंनी यावर तोड काढली होती. गणपती बसले की त्या भय्यासाहेबांच्या मागे लागायच्या, आणि विसर्जनाच्या आत सगळे कागद सह्या होऊन त्यांच्या पिशवीत. जुन्या काळी ते कागद घेऊन त्या स्वतः गाडीने ग्वाल्हेरला, कंपन्यांच्या सरकारी कचेरीत जायच्या, खिडकीवर द्यायच्या, पोच घ्यायच्या, आणि पोच ब्लाउजमध्ये घालून परत यायच्या. पुढे सगळं कॉम्प्युटरवर आलं. चाळिशी ओलांडलेल्या बाईने तेही शिकून घेतलं, डोळ्यात तेल घालून केलं. सव्वीस वर्षांत एकही तारीख चुकली नाही. एकही नाही! नवरा गेला त्या वर्षीसुद्धा.

आता उज्जैनच्या मराठीतला एक घोळ सांगितल्याशिवाय पुढचं कळायचं नाही. मराठीत सही म्हणजे स्वाक्षरी. पण रात्रंदिवस हिंदीत वावरणाऱ्या आम्हा माळव्यातल्या लोकांच्या तोंडी सही म्हणजे बरोबर, ठीक, छान, असंही असतं. कारखान्यातला हिशेबनीस कागद पुढे करून विचारायचा, “मैडम, सही है?” आणि ताई चष्म्यावरून बघून म्हणायच्या, “सही है, पर सही नहीं है.” सगळं ऑफिस हसायचं. हा विनोद त्यांनी इतक्या वेळा केला होता की शेवटी कुणी हसेना, तरी त्या करायच्या.

दोन हजार बावीसच्या मार्चमध्ये ताईंनी नोकरी सोडली. शाळांमधून खडू हद्दपार होत चालला होता, कारखाना निम्मा बंदच होता, भय्यासाहेबांची नजर गेली होती आणि कारभार सगळा आल्हादच्या हातात. निरोप-समारंभ झाला. भय्यासाहेबांनी स्वतःच्या हाताने शाल घातली, श्रीफळ दिलं. ताईंनी डायरेक्टरपदाचा राजीनामा पाकिटात घालून आल्हादच्या हातात दिला, आणि त्या कागदाची पोच मागितली नाही. आयुष्यभर पोच घेतल्याशिवाय खिडकीवरून न हललेली बाई! पण ज्याचे पाढे आपण पाठ करून घेतले, जो आपल्या डब्यातली पोळी हक्काने खायचा, “प्रतिभामावशी” म्हणून गळ्यात पडायचा, त्याच्याकडे पोच कशी मागायची? जीभ रेटेना.

राजीनामा नुसता देऊन भागत नाही. कंपनीने त्याचा फॉर्म भरून त्यावर डिजिटल सही करून पाठवावा लागतो. ती सही असलेलं पेनड्राइव्हसारखं यंत्र, बाप-लेकांचं दोघांचंही, आल्हादच्या खणात असायचं. दहा मिनिटांचं काम. ताईंनी पंधरा दिवस वाट पाहिली, मग मोबाइलवर लिहिलं, “आल्हाद, माझ्या राजीनाम्याच्या फॉर्मवर सही?” पाच मिनिटांत उत्तर आलं, “सही मावशी,” आणि पुढे अंगठा.

ताईंनी वाचलं, सही झाली. आल्हादने लिहिलं होतं, ठीक आहे. बस, एवढ्यावर सगळं गेलं.

पुढची तीन वर्षं ताई सुखात होत्या. आल्हादने कारखान्याचे साचे भंगारात काढले आणि टावर चौकात ऑफिस थाटून यात्रेकरूंना खोल्या देण्याचा धंदा सुरू केला. तो तुफान चालला. खडूच्या कंपनीचे फॉर्म कोण भरणार? कुणी नाही. कंपनी कागदावर जिवंत होती, आणि तिच्या कागदांकडे बघणारी बाई शाल घेऊन घरी गेली होती.

इकडे निहारिका नवऱ्यापासून वेगळी होऊन आईकडे आली. रडत बसणारी मुलगी नव्हे ती. भैरवगढच्या कारागिरांकडून बाटिकचं कापड करून घ्यायची, कुडते शिवून घ्यायची, ऑनलाइन विकायची. होता होता बेंगळुरूच्या एका मोठ्या दुकानाने वर्षभराची मागणी दिली, पण म्हणाले, आम्ही कंपनीशीच व्यवहार करतो, तुम्ही कंपनी काढा. त्या दिवशी पोळ्या लाटणाऱ्या आईच्या मागे येऊन निहारिका म्हणाली, “आई, दोन डायरेक्टर लागतात. एक मी, एक तू.”

“घाल माझं नाव. मला सवय आहे.”

“नावापुरतं नाही हं! अर्धे शेअर तुझे. मी काही चुकीचं करायला लागले तर तू नाही म्हणायचं, आणि मला ते ऐकावं लागेल. खरी डायरेक्टर.”

ताईंची तव्यावरची पोळी करपली तरी त्यांना कळलं नाही. एकसष्टाव्या वर्षी कुणीतरी त्यांना पहिल्यांदा विचारत होतं की तुझं मत काय. मग त्यांच्यात जी तरतरी आली म्हणता! कंपनीची नावं सुचव, पत्त्याचा पुरावा काढ, कपाटातला एक कप्पा रिकामा करून फायली लाव. शेजारणीला सांगितलं, वाण्याला सांगितलं, बसमध्ये भेटलेल्या अनोळखी बाईला सांगितलं, “मुलीच्या कंपनीत मी डायरेक्टर आहे.” तेवीस वर्षं जो शब्द तोंडातून निघाला नव्हता तो आता थांबेना.

फॉर्म भरायला श्रुती नावाची कंपनी सेक्रेटरी होती, तरुण, हुशार, कामात चोख. आठवड्याने तिचा फोन आला. तिचा आवाज ऐकूनच ताईंना कळलं की काहीतरी बिनसलंय.

“काकू, तुमचा डायरेक्टरचा नंबर अपात्र दाखवतोय.”

“अपात्र? कोण, मी? नीट बघ, नंबर चुकला असेल.”

“तीनदा बघितला. पोतनीस चॉक्स म्हणून कंपनी आहे. तिने लागोपाठ तीन वर्षं काहीच भरलेलं नाही. म्हणून तिचे डायरेक्टर पाच वर्षांसाठी अपात्र. तुम्ही अजून तिथे आहात, काकू.”

सव्वीस वर्षांत एक तारीख न चुकवलेल्या बाईचं नाव चुकारांच्या यादीत! कुणी भर चौकात थोबाडीत मारली असती तरी इतकं लागलं नसतं.

श्रुतीने एक वाट सांगितली. तीन वर्षांपूर्वी राजीनामा दिला होता हे सिद्ध झालं तर दाद मागता येईल. त्याला मोबाइलवरचा संदेश पुरणार नाही, कंपनीतल्या कुणीतरी दोन ओळी लिहून द्यायला हव्यात : अमुक तारखेला राजीनामा मिळाला. दोनच ओळी. आणि लवकर, कारण बेंगळुरूचं दुकान महिनाअखेरीपर्यंतच थांबणार होतं.

ताई त्याच दुपारी टावर चौकात गेल्या. आल्हादने खुर्ची दिली, कचोरी मागवली, “मावशी, किती वाळलात हो!” म्हणाला. ताईंनी कचोरीला हात लावला नाही. सगळं सांगितलं, मोबाइलवरचा तो जुना संदेश दाखवला.

“अहो, मी तर ठीक आहे म्हणालो होतो,” आल्हाद हसला. “सही म्हणजे… सही!”

“मग भरला का नाहीस फॉर्म?”

“राहिला यार. डोक्यातून निघून गेलं.”

यार! ताईंना वाटलं, याच्या कानाखाली एक वाजवावी. पण गरज त्यांना होती. “बरं, राहिला तर राहिला. आता दोन ओळी लिहून दे.”

आल्हादने मान खाजवली. “लिहून देणं जरा मुश्किल आहे. वकील म्हणतोय, लेखी काहीच देऊ नका. उद्या विचारतील, राजीनामा आला होता तर दाबून का ठेवला? आणि तुम्ही एकट्या थोड्याच आहात, मावशी? मी, बाबा, सगळेच अडकलोय. अपने को कौन पूछता है? पाच वर्षं अशी निघून जातील.”

“मी एकसष्टची आहे, आल्हाद.”

“मग तर आराम करा!” तो म्हणाला, आणि फोन वाजला म्हणून उठून गेला.

सगळेच अडकलोय. ते वाक्य ताईंच्या डोक्यातून जाईना. माणसं कशीही असोत, त्यांचे कागद वाचता येतात, आणि कागद वाचण्यात ताईंचा हात धरणारं कुणी नव्हतं. घरी येऊन त्यांनी निहारिकाच्या कॉम्प्युटरवर सरकारी पोर्टल उघडलं आणि पोतनीस चॉक्सची कागदपत्रं एकेक बघायला घेतली. तीन वर्षं सगळं कोरं. फक्त दोन हजार चोवीसच्या जुलैमध्ये एक जोडी फॉर्म. तिसरं वर्ष बुडायच्या चार महिने आधी.

आल्हाद पोतनीस याचा राजीनामा. एक फॉर्म त्याने स्वतः भरलेला, दुसरा कंपनीकडून, त्याच्यावर भय्यासाहेबांची डिजिटल सही. राजीनाम्याचं पत्र जोडलेलं, पोच जोडलेली, तारखा चोख, कुठे खोट काढायला जागा नाही. राजीनामा दिला की कंपनीवर विसंबायचं नाही, आपला फॉर्म आपण भरायचा, हे या मुलाला ताईंनीच समोर बसवून शिकवलं होतं, आणि स्वतः मात्र त्याच्या शब्दावर विसंबल्या होत्या. त्याच यंत्राने, त्याच खुर्चीत बसून, आणखी दहा मिनिटांत त्याला ताईंचंही नाव काढता आलं असतं. पण दोघांपेक्षा कमी डायरेक्टर चालत नाहीत ना! आपण सुटायचं तर कुणीतरी आत राहायला हवं. म्हणून राहिल्या ताई, आणि राहिला जन्मदाता बाप. डोक्यातून निघून गेलं म्हणे! नालायक कुठला. ताईंनी कागद छापून घेतले.

दुसऱ्या दिवशी सकाळी त्या भय्यासाहेबांकडे गेल्या. भय्यासाहेब चौऱ्याऐंशीचे, पूजा आटोपून झोपाळ्यावर बसलेले. दिसत फारसं नव्हतं, पण आवाजावरून ओळखलं. “या, या, प्रतिभाबाई! तुम्ही गेलात आणि कंपनीचा प्राणच गेला.” म्हातारा मनाने वाईट नव्हता, कधीच नव्हता. ताईंनी दोन ओळींचं सांगितलं.

“आल्हादला विचारतो आणि देतो.”

“तो नाही म्हणाला.”

भय्यासाहेबांनी झोपाळा थांबवला. “मग मी कसा देऊ? पोराच्या विरुद्ध बापाने लिहून द्यायचं?”

“मी खोटं लिहायला सांगत नाही. राजीनामा दिला तेव्हा तुम्ही तिथेच होतात. शाल तुम्हीच घातलीत मला.”

“शाल घातली. पाकिटात काय होतं ते मी कशाला बघायला गेलो?” असं म्हणून त्यांनी तोंड फिरवलं. मग जरा मऊ आवाजात, “तुमचं आता काय अडलंय त्यावाचून? या वयात कंपन्या काढायच्यात का?”

“हो,” ताई म्हणाल्या. “काढायचीय.”

ते ऐकून भय्यासाहेब हसले. खरोखर हसले! ताईंना ते हसू आतपर्यंत झोंबलं. आल्हादचा संताप आला होता, पण हे हसू त्याहून वाईट होतं. सव्वीस वर्षं या माणसाने आपल्याला काय समजलं होतं ते त्यांना आत्ता कळलं.

“आणि अपात्र काय तुम्ही एकट्या आहात?” भय्यासाहेब म्हणाले. “आल्हादने सांगितलंय मला. आपण तिघंही आहोत. पोरगा आपल्याबरोबर आहे म्हटल्यावर तो काही आपल्याला बुडू देणार नाही.”

आल्हादचं सांगायचं नाही असं ठरवून ताई घरातून निघाल्या होत्या. म्हाताऱ्या माणसाला कशाला? पण त्या हसण्याने सगळी दया पुसून टाकली. त्यांनी पिशवीतून कागद काढला. “यादी वाचून दाखवू?”

“वाचा.”

“पोतनीस चॉक्स प्रायव्हेट लिमिटेड. अपात्र डायरेक्टर. श्रीनाथ गोविंद पोतनीस.”

“मी.”

“प्रतिभा सुहास मोघे.”

“तुम्ही. पुढे?”

ताईंनी कागदाची घडी घातली.

“पुढे वाचा ना!”

“पुढे नाव नाही, भय्यासाहेब. आल्हाद गेल्या जुलैत बाहेर पडला. त्याच्या फॉर्मवर सही तुमची आहे.”

झोपाळ्याची कडी करकरली. भय्यासाहेबांनी हात पुढे करून कागद मागितला, डोळ्यांशी नेला, लांब धरला, पुन्हा जवळ नेला. दिसत तर काही नव्हतंच. कागद परत करताना त्यांचा आवाज मालकाचा झाला.

“तुमच्याकडूनच काहीतरी राहिलं असेल, प्रतिभाबाई. कागद बघायचं काम तुमचं होतं.”

ताई उठल्या. “माझ्याकडून काही राहिलेलं नाही. त्याने काढायचं ते नाव काढलं आणि राहिलो आपण दोघं. तुम्हाला ते दिसत नसेल तर तो डोळ्यांचा दोष नाही.” आयुष्यात पहिल्यांदा त्या या माणसाला इतकं बोलल्या, आणि मागे न बघता जिना उतरल्या.

दोन ओळी मिळाल्या नाहीत. महिना संपत आला. निहारिकाने आईला काही न सांगता तीन दिवस वाट पाहिली, आणि मग कॉलेजातली मैत्रीण जयू दुसरी डायरेक्टर झाली. जयू चांगली मुलगी आहे, तिच्याबद्दल तक्रार नाही. “आई, तूच सगळं बघायचंस, जयू नुसती नावापुरती,” असं निहारिका समजुतीने म्हणाली, आणि बोलून गेल्यावर तिलाच कसंसं झालं. ताईंनी तिच्या डोक्यावरून हात फिरवला आणि भाजी निवडायला घेतली. वाण्याने विचारलं, “काय बाई, कंपनी कैसी चल रही है?” तर म्हणाल्या, मुलीची चालली आहे.

मग एका दुपारी त्यांनी श्रुतीला फोन केला. निदान त्या खडूच्या कंपनीतून तरी सुटू दे, आता राजीनामा भरता येईल ना, एवढंच विचारायचं होतं.

“नाही हो, काकू,” श्रुती चाचरत म्हणाली. “नंबर बंद झाल्यावर तुमची सहीच चालत नाही. नवीन कुठल्याही कंपनीत तुम्हाला पाच वर्षं घेता येणार नाही. पण पोतनीस चॉक्समध्ये तुम्ही डायरेक्टर आहातच.”